दार उघडे आहे

परीक्षांच्या निकालाचे दिवस जवळ आले की घराघरांतून उपदेशाला बहर येतो. अपयश ही यशाची पहिली पायरी, प्रयत्नांती परमेश्वर, अशी वचने वडीलधारी मंडळी ऐकवीत असतात, आणि शाळेच्या फळ्यावरही ती सुवाच्य अक्षरांत झळकत असतात. ही वचने खोटी नाहीत. तथापि सोळा-सतरा वर्षांच्या मुलाच्या पदरी अपयश आले असता ती त्याच्या कानांवर पडतात, अंतःकरणापर्यंत पोहोचत नाहीत. मग अशा मुलाला खरा धीर येतो तरी कशाने? या प्रश्नाचे उत्तर शोधावयास आपणां हैदराबादकरांना दूर जाण्याचे कारण नाही. ते आपल्याच शहराच्या इतिहासात आहे.

१९३८ सालचा नोव्हेंबर महिना. निजामाच्या राज्यात औरंगाबादच्या महाविद्यालयीन वसतिगृहातील विद्यार्थी प्रार्थनेच्या वेळी 'वंदे मातरम्' म्हणत. त्यास बंदी झाली, आणि मुलांनी ती मानली नाही. पाहता पाहता ही चळवळ हैदराबादेत उस्मानिया विद्यापीठाच्या वसतिगृहांत आणि तेथून इतर गावच्या महाविद्यालयांत पसरली. परिणाम व्हावयाचा तोच झाला. शेकडो विद्यार्थ्यांना आधी वसतिगृहाचे आणि मग वर्गाचेही दार बंद झाले. त्यांत मराठी, तेलुगू, कानडी अशा सर्वच भाषांची मुले होती, आणि पुष्कळांनी तर विशीही गाठलेली नव्हती.

या मुलांची तेव्हाची स्थिती आज नीट ध्यानात घेतली पाहिजे. हैदराबाद संस्थानात विद्यापीठ एकच होते, आणि त्यानेच त्यांना बाहेर काढले होते. खेड्यापाड्यांतून आलेल्या या मुलांनी घरी काय सांगावे? पुन्हा, १९१८ साली स्थापन झालेल्या उस्मानियात शिक्षणाचे माध्यम उर्दू होते. गणित, विज्ञान, इतिहास हे सारे विषय उर्दूतून शिकलेल्या विद्यार्थ्याला ब्रिटिश मुलखातील इंग्रजी माध्यमाच्या विद्यापीठात जाणे म्हणजे अर्धी वाट चालून झाल्यावर पहिल्या पावलापासून आरंभ करण्यासारखेच होते.

अशा वेळी सुमारे ५०० किलोमीटरांवरील नागपूर विद्यापीठाने आपले दार उघडले. त्या वेळी तेथे कुलगुरू होते टी. जे. केदार. त्यांनी हैदराबादहून काढून टाकलेल्या या विद्यार्थ्यांना प्रवेश दिला. एवढ्या एका निर्णयाने शेकडो घरांतील अंधार दूर झाला. धैर्याविषयी शंभर व्याख्याने देऊन जे साधले नसते, ते प्रवेशाच्या कागदावरील एका सहीने साधले. वर्ष वाया गेले असेल, पण तुम्ही वाया गेलेला नाहीत, हेच त्या सहीने मुलांना सांगितले, असे आम्हांस वाटते.

या मुलांतच वरंगळला शिकणारा एक सतरा वर्षांचा तेलुगू मुलगा होता. त्यालाही नागपूरचा आधार मिळाला. पुढे पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात आणि पुन्हा नागपुरात त्याचे शिक्षण झाले. मराठी त्याला इतकी आपली झाली की हरिभाऊ आपट्यांची 'पण लक्षांत कोण घेतो' ही कादंबरी त्याने तेलुगूत नेली. विदर्भातील रामटेकच्या मतदारांनी त्याला दोनदा लोकसभेत धाडले, आणि १९९१ साली तो देशाचा पंतप्रधान झाला. पी. व्ही. नरसिंह राव ते हेच! मात्र या गोष्टीचा मथितार्थ पंतप्रधानपदात नाही. त्यांच्याबरोबर बाहेर पडलेल्या बहुतेकांची नावे आज कोणाच्या स्मरणात नाहीत. त्यांनाही ते दार तितकेच मोलाचे होते.

यावर एखादे पालक म्हणतील, "ती मुले तत्त्वासाठी झगडली. आमच्या चिरंजीवांनी पुस्तकच उघडले नाही, त्याचे काय?" आक्षेप रास्त आहे. परंतु सतराव्या वर्षी एक दार बंद झाले की सारे जगच बंद झाल्यासारखे वाटते. ते दार तत्त्वापायी बंद झाले की आळसापायी, याने त्या क्षणीच्या काळोखात फरक पडत नाही. कानउघाडणी जरूर करावी, पण ती चार दिवसांनी. आधी आधार, मग जाब, हा क्रम चुकता कामा नये.

क्रम चुकला म्हणजे काय होते, हे आपल्या राज्याने पाहिले आहे. २०१९ च्या एप्रिलमध्ये इंटरमीजिएटचा निकाल लागल्यावर तेलंगणात वीसहून अधिक मुलांनी प्राण गमावले. पुढे शासनाने अनुत्तीर्ण विद्यार्थ्यांच्या उत्तरपत्रिकांची फेरतपासणी करविली, तेव्हा हजाराहून अधिक मुले उत्तीर्ण ठरली. ज्या कागदाला त्या कोवळ्या जिवांनी अखेरचा शब्द मानले, तो अखेरचा नव्हताच. दुसरे दार होते. ते दाखविणारे कोणी त्या घटकेला जवळ नव्हते, एवढेच.

म्हणून आमची पालकांना विनंती आहे की निकालाच्या आधीच ही दारे स्वतः पाहून ठेवावीत. पुरवणी परीक्षा काही आठवड्यांतच होते. फेरमोजणी आणि फेरतपासणी यांसाठी अर्ज करता येतो. राष्ट्रीय मुक्त विद्यालयाची वाट आहे, दहावीनंतर पॉलिटेक्निक आणि आय. टी. आय. आहेत. निकालाच्या दिवशी शेजाऱ्यांच्या मुलाचे गुण विचारू नयेत. "हात धू, आधी दोन घास खाऊन घे, उद्या सकाळी आपण दोघे बसून पुढचे पाहू," एवढे वडिलांनी म्हटले तरी पुरे. यातला 'आपण दोघे' हा शब्द सर्वांत महत्त्वाचा. मूल अगदीच गप्प झाले, जेवेना, झोपेना, जगण्याला कंटाळल्याची भाषा बोलू लागले, तर त्याला एकटे सोडू नये आणि वैद्यकीय सल्ला घेण्यात कमीपणा मानू नये. शासनाच्या 'टेलि-मानस' सेवेचा १४४१६ हा दूरध्वनी क्रमांक रात्रंदिवस विनामूल्य चालू असतो.

आणि मुलांनो, दोन शब्द तुमच्यासाठी. तुमच्याच वयाच्या शेकडो मुलांना एके काळी याच शहरात विद्यापीठाने बाहेर काढले होते. त्यांनी गाव बदलले, शिकण्याची भाषा बदलली, आणि पुन्हा पुस्तक हाती घेतले. तुम्हांला वाट दिसेनाशी झाली तर गप्प राहू नका. आईला सांगा, आजोबांना सांगा, मामांना सांगा, ज्या शिक्षकांचा विश्वास वाटतो त्यांना सांगा. त्या मुलांसाठी नागपूर होते. तुमचे नागपूर कोणते, हे शोधण्याचे काम तुम्ही एकट्यांनी करावयाचे नाही. ते आम्हां वडीलधाऱ्यांचे काम आहे, आणि आम्ही ते करू.