छप्पर मिळाले, आता हवेचे काय?

सातारा जिल्ह्यातील कराडजवळच्या गोळेश्वरचे पैलवान खाशाबा जाधव १९४८ साली लंडन ऑलिंपिकमध्ये उतरले, तेव्हा त्यांच्या पायाखाली ओळखीची माती नव्हती. कुस्त्या गादीवर होत्या आणि त्याही अर्ल्स कोर्ट भागातील एम्प्रेस हॉल या बंदिस्त सभागृहात. ऑलिंपिकच्या आधी याच सभागृहात बर्फाचा थर गोठवून आइस हॉकीचे सामने खेळले जात. खाशाबा तेथे सहावे आले. चार वर्षांनी हेलसिंकीत त्यांनी कांस्यपदक मिळवले, तेही छपराखालीच.

आज बर्फ, उद्या कुस्ती, परवा बॅडमिंटन, ही बंदिस्त क्रीडागृहाची मोठी सोय. आइस हॉकी या छपराखाली आली ती ३ मार्च १८७५ रोजी, कॅनडातील मॉन्ट्रियलच्या व्हिक्टोरिया रिंकमध्ये. त्यानंतरच्या दीडशे वर्षांत या खेळाने वैद्यकशास्त्राला एक धडा शिकवला. चार भिंती आणि छप्पर पाऊस अडवतात, ऊन अडवतात, त्याचबरोबर हवाही अडवतात. सातारा आणि सांगलीत बर्फाचा रिंक नाही. धडा मात्र येथेही तितकाच लागू आहे.

छप्पर हवेच

बंदिस्त क्रीडागृह ही आपल्याकडे चैन राहिलेली नाही. साताऱ्याच्या पश्चिमेला महाबळेश्वर, जावळी, पाटण या पट्ट्यात जून ते सप्टेंबर मैदानाचा चिखल होतो. सांगलीच्या पूर्वेला जत, आटपाडीकडे एप्रिल-मेमध्ये दुपारी मैदानावर उभे राहवत नाही. खेळांचे स्वरूपही बदलले. कबड्डी मॅटवर गेली, पाठोपाठ खो-खोही गेला. जानेवारी २०२५ मध्ये खो-खोचा पहिला विश्वचषक दिल्लीच्या बंदिस्त इंदिरा गांधी क्रीडागृहात झाला आणि भारताच्या पुरुष व महिला अशा दोन्ही संघांनी तो जिंकला. मार्च २०२३ मध्ये महिलांची पहिली महाराष्ट्र केसरी स्पर्धा सांगलीत झाली आणि सांगलीच्याच प्रतीक्षा बागडी हिने गदा पटकावली. अशा मुलींकडे पाहून आणखी मुली तालमीत येणार, त्यांना वर्षभर सरावाला जागा लागणार. म्हणून जिल्हा आणि तालुका क्रीडा संकुले हवीत, खासगी बॅडमिंटन हॉलही हवेत. प्रश्न एवढाच, की ते बांधताना चौरस फूट आणि खुर्च्या मोजल्या जातात, तशी हवा मोजली जाते का?

खेळाडू किती हवा घेतो?

शांत बसलेला प्रौढ माणूस मिनिटाला साधारण सहा ते आठ लिटर हवा आत घेतो. जोरकस खेळताना हाच आकडा साठ लिटरच्या पुढे जातो आणि कसलेल्या खेळाडूत शंभरही ओलांडतो. शिवाय दम लागला की श्वास तोंडाने घेतला जातो. नाकातील केस आणि ओलसर अस्तर धूळ अडवतात, हवा गाळतात. ती गाळणी तोंडाच्या वाटेवर नसते. म्हणजे एकाच हॉलमध्ये खुर्चीवरचा प्रेक्षक आणि कोर्टवरचा खेळाडू यांच्या फुप्फुसांत जाणाऱ्या प्रदूषणात कित्येक पटींचा फरक पडतो. लहान मुले वजनाच्या मानाने मोठ्यांपेक्षा अधिक हवा घेतात, त्यामुळे त्यांना धोका जास्त.

आइस हॉकीच्या रिंकमध्ये हे फार पूर्वी लक्षात आले. खेळाच्या मध्यंतरात बर्फ पुन्हा गुळगुळीत करण्यासाठी एक गाडी फिरवतात. फ्रँक झांबोनी यांनी १९४९ मध्ये अमेरिकेत ती तयार केली. पुढे सर्वत्र पसरलेल्या या गाड्या बहुधा पेट्रोल किंवा गॅसवर चालत आणि त्यांचा धूर हॉलमध्येच राही. फेब्रुवारी १९८७ मध्ये अमेरिकेतील मिनेसोटा राज्यात अशाच एका गाडीच्या बिघडलेल्या इंजिनामुळे नायट्रोजन डायऑक्साइड साचला आणि शालेय सामन्यांना आलेले ११६ जण आजारी पडले. त्यांत खेळाडू होते, तसे बँडमधली मुलेही होती. या वायूची खोड अशी, की त्या वेळी फारसे जाणवत नाही. खोकला, छातीत आवळल्यासारखे वाटणे, धाप हे त्रास काही तासांनी, कधी दुसऱ्या दिवशी सुरू होतात. तोपर्यंत मूल घरी पोहोचलेले असते आणि त्याचा संबंध हॉलशी कोणी लावत नाही.

दुसरा वायू कार्बन मोनॉक्साइड. त्याला रंग नाही, वास नाही. रक्तातील हिमोग्लोबिनला तो ऑक्सिजनपेक्षा दोनशेहून अधिक पट घट्ट चिकटतो. डोके दुखणे, मळमळ, चक्कर ही त्याची लक्षणे. एकाच हॉलमधल्या तीन-चार जणांचे डोके एकदम दुखू लागले, तर ऊन किंवा उपास यांना दोष देण्याआधी या वायूची शंका घ्यावी. बोटाला लावायचा साधा ऑक्सिमीटर येथे फसवतो. कार्बन मोनॉक्साइड चिकटलेले रक्तही त्याला ऑक्सिजनने भरलेले वाटते आणि आकडा ९८ दिसतो.

आपल्याकडे बर्फाची गाडी नाही, पण जनरेटर आहे. रात्रीची स्पर्धा, गेलेली वीज आणि पावसात भिजू नये म्हणून व्हरांड्यात किंवा खिडकीखाली ठेवलेला जनरेटर हे दृश्य कोणालाच अनोळखी नाही. त्याचा धूर खिडकीतून आत येतो आणि मिनिटाला साठ लिटर हवा ओढणारी मुले तो घेत राहतात. जनरेटर इमारतीपासून किमान सहा मीटर दूर, दारे-खिडक्यांकडे धूर येणार नाही असा ठेवावा. सामने सुरू असताना हॉलमध्ये डासांसाठी धूर फवारणे, उदबत्त्या किंवा कॉइल लावणेही टाळावे.

न दिसणारे सोबती

हवेत वायूंसोबत जंतूही असतात. जून २०२० मध्ये फ्लोरिडातील टॅम्पा परिसरात हौशी खेळाडूंचा आइस हॉकीचा एक सामना झाला. २२ पैकी १४ खेळाडू आणि रिंकचा एक कर्मचारी पुढील काही दिवसांत कोविडच्या लक्षणांनी आजारी पडले. आपल्या भागात क्षयरोग, फ्लू आणि गोवर यांनाही हीच वाट मिळते. ज्या मुलाला दोन आठवड्यांहून अधिक खोकला आहे, त्याला सरावाला पाठवण्याआधी तपासून घ्यावे. क्षयाची तपासणी आणि औषधे सरकारी रुग्णालयात मोफत मिळतात.

बॅडमिंटनमध्ये अडचण वेगळी. शटल जेमतेम पाच ग्रॅमचे असते, वाऱ्याने भरकटते, म्हणून खिडक्या बंद ठेवतात. सरावाच्या प्रत्येक तासानंतर दहा मिनिटे समोरासमोरच्या खिडक्या उघडल्या, तरी बराच फरक पडतो. कार्बन डायऑक्साइड मोजणारे छोटे यंत्र भिंतीवर लावता येते. बाहेरच्या हवेत त्याचे प्रमाण दहा लाख भागांत साधारण ४२० असते. हॉलमध्ये ते सतत हजाराच्या वर राहिले, तर माणसे एकमेकांनी सोडलेली हवाच पुन्हा घेत आहेत असे समजावे.

पत्र्याखालची दुपार

आपल्याकडचा सर्वांत नेहमीचा धोका मात्र उष्णतेचा. पत्रा दिवसभर तापतो आणि सूर्यास्तानंतरही खाली उष्णता सोडत राहतो. सावली आहे म्हणून प्रशिक्षक निर्धास्त राहतात. शरीर थंड होते ते घाम वाळल्याने. एक लिटर घाम वाळला तर सुमारे ५८० किलोकॅलरी उष्णता निघून जाते. दमट, वारा नसलेल्या हॉलमध्ये घाम वाळत नाही, नुसता गळतो. तेव्हा पाणीही जाते आणि गारवाही मिळत नाही.

खेळता खेळता मूल अडखळू लागले, असंबद्ध बोलू लागले किंवा कोसळले, तर तो उष्माघात समजावा. १०८ क्रमांकाला फोन लावावा आणि गाडी येईपर्यंत थांबू नये. मुलाला सावलीत मोकळ्या हवेत नेऊन, कपडे सैल करून, अंगावर भरपूर थंड पाणी ओतत वारा घालावा. शुद्धीत नसलेल्याला पाणी पाजू नये. पहिली काही मिनिटे येथे जीव वाचवतात.

उपाय फार खर्चाचे नाहीत. पत्र्याला पांढरा उष्णतारोधक रंग, आतून उष्णता अडवणारा थर, छतावर गरगर फिरणारे व्हेंटिलेटर आणि खाली हवा आत येण्यासाठी जाळ्या. मिरज किंवा कराडच्या औद्योगिक वसाहतीत शेड बांधणाऱ्या कोणत्याही ठेकेदाराला हे माहीत आहे. यंत्रांसाठी आपण ते करतो, मुलांसाठीही करायला हवे. उन्हाळी शिबिरात पहिले दहा-बारा दिवस सराव हळूहळू वाढवावा, म्हणजे शरीर उष्णतेला सरावते. दुपारचे सामने सकाळी घ्यावेत.

मुलाचे नाव नोंदवताना पालक फी विचारतात, वेळ विचारतात. आणखी तीन गोष्टी विचाराव्यात: हवा कोठून आत येते, कोठून बाहेर जाते आणि जनरेटर कोठे ठेवता? उत्तर मिळाले नाही, तर मे महिन्यात दुपारी तीन वाजता हॉलच्या मधोमध पाच मिनिटे उभे राहून पाहावे. आपल्याला तेथे उभे राहवले नाही, तर मूल तेथे दोन तास धावणार आहे, हे लक्षात ठेवावे.