पोत्यांचासुद्धा हिशेब

1914 च्या शरद ऋतूत बेल्जियम चांगलाच कात्रीत सापडला. देश जर्मन फौजांच्या ताब्यात, समुद्रावर ब्रिटिश आरमाराची नाकेबंदी. खाणारी तोंडं सत्तर लाखांवर आणि बहुतेक धान्य परदेशातून येणारं. ब्रिटन म्हणे, ज्यानं देश बळकावला त्यानं पोसावा. जर्मनी म्हणे, नाकेबंदी उठवा, प्रश्न मिटेल. तोवर कोठारं रिकामी होत होती.

यातून वाट काढली ती लंडनमध्ये राहणाऱ्या एका चाळिशीच्या अमेरिकन खाण अभियंत्यानं. हर्बर्ट हूव्हर यांच्याकडे ना सरकारी पद होतं, ना फौज. तरीही दोन्ही शत्रूंना त्यांनी राजी केलं: ब्रिटननं धान्याची जहाजं सोडायची आणि जर्मनांनी त्या धान्याला हात लावायचा नाही. 'कमिशन फॉर रिलीफ इन बेल्जियम' या त्यांच्या संस्थेचा झेंडासुद्धा स्वतंत्र! जहाजं रॉटरडॅमला लागत, माल कालव्यांतल्या बार्जमधून बेल्जियमच्या गोदामांत जाई आणि पुढे स्थानिक समित्या गावोगाव वाटप करत.

खरी गंमत पोत्यांची. अमेरिकेचं पीठ सुती पोत्यांतून येई आणि कापूस तर स्फोटकांनाही लागतो. रिकामं पोतं जर्मनांच्या हाती पडलं, तर ब्रिटन जहाजं रोखणार. म्हणून पोत्यापोत्याचा हिशेब ठेवला गेला. ती शिवणशाळांत आणि मठांत पोचली. बायकामुलींनी त्यांचे कपडे, उशा शिवल्या, गिरणीच्या छापील नावांवर रेशमी भरतकाम केलं आणि आभाराचे शब्द भरून ती अमेरिकेला परत धाडली. आयोवातल्या हूव्हर संग्रहालयात अशी शेकडो पोती आजही आहेत.

उत्तर फ्रान्स धरून नव्वद लाखांहून अधिक माणसं या अन्नावर तगली. हूव्हर यांनी पगार घेतला नाही. पुढे 1921 च्या रशियन दुष्काळात, ज्या सोव्हिएत सरकारला अमेरिकेची मान्यताच नव्हती, त्याच्याशी करार करून त्यांच्या संघटनेनं ऐन भरात रोज एक कोटीवर लोकांना जेवू घातलं. हाच माणूस 1929 मध्ये राष्ट्राध्यक्ष झाला आणि महामंदीत बेरोजगारांना केंद्र सरकारनं थेट मदत द्यायला त्यांनीच विरोध केला! बेघरांच्या झोपडपट्ट्यांना लोक 'हूव्हरव्हिल' म्हणू लागले. तरी 1946 च्या अन्नटंचाईत राष्ट्राध्यक्ष ट्रुमन यांनी त्यांनाच हाक मारली. सत्तरी ओलांडलेले हूव्हर देशोदेशी फिरले, भारतातही आले.

नुसत्या कळवळ्यानं पोट भरत नाही. त्याला जहाजं, गोदामं, वह्या आणि शत्रूशीही बोलणी करायची चिकाटी लागते. बेल्जियममध्ये हे शिकलेल्या तरुणांपैकी एक मॉरिस पेट. 1947 पासून 1965 मध्ये मृत्यू येईपर्यंत ते युनिसेफचे पहिले प्रमुख होते. त्याच वर्षी युनिसेफला शांततेचं नोबेल मिळालं.