सहायक भूमिका आणि लीला चिटणीस यांची कारकीर्द

नाटक व चित्रपट यांतील पात्रांचे प्रमुख आणि सहायक असे वर्गीकरण आपल्या परिचयाचे आहे. कथानकाला आधार देणारे ते सहायक पात्र, ही व्याख्या संहितेपुरती योग्य आहे. परंतु एखाद्या कलावंताच्या वाट्याला सहायक भूमिकाच का येतात, याचे उत्तर संहितेबाहेर शोधावे लागते. लीला चिटणीस (१९०९-२००३) यांची कारकीर्द या दृष्टीने अभ्यासण्याजोगी आहे.

धारवाडला जन्मलेल्या, पदवीधर लीलाबाई रंगभूमीवरून चित्रपटात आल्या. हिमांशू राय व देविका राणी यांनी १९३४ मध्ये स्थापन केलेल्या ‘बॉम्बे टॉकीज’चा स्टुडिओ मालाडला होता. या संस्थेच्या ‘कंगन’ (१९३९), ‘बंधन’ (१९४०) आणि ‘झूला’ (१९४१) या चित्रपटांत त्या अशोक कुमार यांच्या नायिका होत्या.

त्यानंतर सातच वर्षांनी, ‘शहीद’ (१९४८) या चित्रपटात, त्या दिलीप कुमार यांची आई झाल्या. दिलीप कुमार यांचा जन्म १९२२ चा; म्हणजे पडद्यावरील या मायलेकांच्या वयात अवघे तेरा वर्षांचे अंतर होते. याउलट, लीलाबाईंहून केवळ दोन वर्षांनी लहान असलेले अशोक कुमार ‘बॉम्बे टॉकीज’च्याच ‘महल’ (१९४९) मध्ये नायक होते आणि नायिका मधुबाला जेमतेम सोळा वर्षांच्या होत्या. भूमिकांची ही वाटणी अभिनयगुणांवरून झालेली नव्हती. नायिकेचे तारुण्य आणि नायकाचे तारुण्य चित्रपटव्यवसाय वेगवेगळ्या मापांनी मोजत होता, हे यावरून लक्षात येते.

तरीही सहायक भूमिका म्हणजे दुय्यम कार्य असे समजू नये. ‘आवारा’ (१९५१) आठवून पाहा. संशयावरून घराबाहेर काढलेली पत्नी आणि पुढे मुलाला एकटीने वाढवणारी आई, ही दोन्ही रूपे लीलाबाईंनी साकारली. हे पात्र वगळल्यास पितापुत्रांच्या संघर्षाला कारणच उरत नाही. ‘गंगा जमना’ (१९६१) आणि ‘गाइड’ (१९६५) या चित्रपटांतही त्यांनी नायकाच्या आईची भूमिका केली.

पडद्यावर इतरांच्या कथांना आधार देणाऱ्या या अभिनेत्रीने ‘चंदेरी दुनियेत’ (१९८१) हे मराठी आत्मचरित्र लिहिले. तेथे निवेदक त्या स्वतःच आहेत. म्हणून साहित्याच्या अभ्यासकाने त्यांचे चित्रपट आणि आत्मचरित्र एकत्र विचारात घ्यावे.

स्वाध्याय : आपण पाहिलेल्या एखाद्या मराठी नाटकातील सहायक पात्र निवडा. ते वगळल्यास कथानकातील कोणता दुवा निखळेल, ते दहा ओळींत लिहा.