घोट्याजवळची जखम भरत नाही? आधी नाडी, मग पट्टी

नांदुरा : कपाशी वेचणारे, हमाल, दुकानदार दिवसभर उभेच. पायाच्या शिरांतल्या झडपा निकामी झाल्या, की रक्त वर चढत नाही, खालीच साचते. घोट्याच्या आतल्या अंगाला कातडी काळवंडते, मग जखम होऊन महिनोन्‌महिने चिघळते. नुसत्या मलमाने भागत नाही. बोटांच्या मुळापासून गुडघ्याखालपर्यंत दाबाची पट्टी बांधली, की सूज उतरते, जखम भरू लागते. मात्र धमनीतून रक्तच कमी येत असेल, तर हीच पट्टी पाय घालवील. म्हणून डॉक्टरांकडून पायाची नाडी तपासूनच बांधावी. मधुमेह, बिडी असेल तर नक्कीच. बोटे निळी, गार पडली तर लगेच सोडावी. जखम भरल्यावर दाबाचे मोजे सकाळी अंथरुणातच चढवावेत. मोजे सुटले, की दुखणे पुन्हा दारात!