आईने नाकारलेले दहा लाख

परभणी रेल्वे स्थानकासमोर बाबासाहेबांच्या पुतळ्याजवळ असलेल्या संविधानाच्या प्रतिकृतीची १० डिसेंबर २०२४ रोजी विटंबना झाली. दुसऱ्या दिवशी बंद झाला, जाळपोळ झाली आणि मग पोलिसांनी धरपकड केली. त्यात वडार समाजातील, कायद्याचे शिक्षण घेणारे सोमनाथ सूर्यवंशी होते. १५ डिसेंबरला न्यायालयीन कोठडीत असताना त्यांचा मृत्यू झाला.

अनेक जखमांमुळे बसलेला धक्का, असे मृत्यूचे प्राथमिक कारण शवविच्छेदनात नोंदले गेले. विधानसभेत मात्र सरकारने छळ झाल्याचे नाकारले, श्वसनाच्या आजाराचा दाखला दिला आणि दहा लाखांची मदत जाहीर केली. माता विजयाबाईंनी ती नाकारली. त्यांना पोलिसांवर गुन्हा नोंदवून हवा होता.

या नकाराचे मोल समजायचे तर थोडे मागे पाहू. १९७२ साली मुंबईत उभ्या राहिलेल्या दलित पँथरने आपले नाव अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या ब्लॅक पँथरवरून घेतले. त्या पक्षाचे शिकागोतील २१ वर्षांचे नेते फ्रेड हॅम्प्टन यांना ४ डिसेंबर १९६९ च्या पहाटे पोलिसांनी घरात शिरून ठार केले. पोलिसांनी त्याला चकमक म्हटले. तपासात दिसले की पोलिसांनी ऐंशीहून अधिक गोळ्या झाडल्या, तर घरातून एकच सुटली. १९८२ साली साडेअठरा लाख डॉलर भरपाई ठरली, पण शिक्षा एकाही पोलिसाला झाली नाही.

आपल्याकडे घाटकोपरच्या रमाबाई नगरात ११ जुलै १९९७ रोजी राज्य राखीव पोलीस दलाच्या गोळीबारात दहा जण मेले. संबंधित अधिकाऱ्याला सत्र न्यायालयाने दोषी ठरवले ते २००९ मध्ये, म्हणजे बारा वर्षांनी.

विजयाबाईंनी बारा वर्षे वाट पाहायची नाही असे ठरवले. दंडाधिकारी चौकशीत पोलिसांवर ठपका आला होता. त्या उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात गेल्या. ॲड. प्रकाश आंबेडकरांनी त्यांची बाजू मांडली. ४ जुलै २०२५ रोजी न्यायालयाने आठवड्यात गुन्हा नोंदवण्याचा आदेश दिला. सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले; ३० जुलैला तेथेही ते हरले.

बंधू-भगिनींनो, काठीचे वळ महिन्याभरात जातात, पण पोरावर नोंदलेला गुन्हा नोकरीच्या चारित्र्य पडताळणीत वर्षानुवर्षे आडवा येतो. घरात कायमची धास्ती राहते. म्हणून आम्ही सांगतो, कागद जपा. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ साली डी. के. बसू खटल्यात घालून दिलेले नियम घरातील प्रत्येकाला माहीत हवेत : अटकेचा पंचनामा साक्षीदाराच्या सहीने व्हावा, नातेवाइकांना कळवावे, कोठडीत दर ४८ तासांनी वैद्यकीय तपासणी व्हावी. दंडाधिकाऱ्यापुढे उभे केल्यावर मारहाण झाली असेल तर ती तेथेच, मोठ्याने सांगावी आणि नोंदवून घ्यायला लावावी.

गुन्हा नोंदवण्याचा आदेश ही पहिली पायरी आहे. शिक्षेपर्यंतचा रस्ता लांब आहे, आणि तो या माऊलीला एकटीने चालावा लागू नये, ही आम्हा परभणीकरांची जबाबदारी आहे.