शब्दाचं कूळ विचारणारी मुलं

‘सॅमोफाइल’ हा शब्द कानावर पडला, तर बहुतेकजण त्याचं स्पेलिंग ‘एस’नं सुरू करतील. जून २०२३ मध्ये अमेरिकेतल्या नॅशनल स्पेलिंग बीच्या अंतिम फेरीत १४ वर्षांच्या देव शाहनं घाई केली नाही. शब्द ग्रीक ना, ‘सॅमो’ म्हणजे वाळू ना, ‘फाइल’ म्हणजे आवड असणारा ना, अशी खातरजमा त्यानं आधी करून घेतली. वाळूत वाढणारी वनस्पती किंवा जीव असा या शब्दाचा अर्थ. ग्रीकमधून आलेला ‘एस’आधीचा सुरुवातीचा ‘पी’ इंग्रजीत लिहितात, उच्चारत मात्र नाहीत. देवनं तो गाळला नाही आणि विजेता ठरला.

ही स्पर्धा १९२५ पासूनची, आठवीपर्यंतच्या मुलांची. ‘नुसती घोकंपट्टी’ म्हणून नाक मुरडणाऱ्यांनी तिची एक तरी फेरी बघावी. शब्दाचा अर्थ, मूळ भाषा, वाक्यातला उपयोग, पर्यायी उच्चार हे सगळं स्पर्धकाला विचारता येतं आणि तयारीची मुलं ते विचारतातच. शब्द उच्चारून दाखवणारे जॅक बेली स्वतः १९८० चे विजेते. ते विद्यापीठात ग्रीक आणि लॅटिन शिकवतात.

मूळ भाषा विचारायची, कारण एकाच ध्वनीला प्रत्येक घराण्यात वेगळी अक्षरं. ‘श’ फ्रेंचमधून आला तर बहुधा ‘सी-एच’, जर्मनमधून आला तर ‘एस-सी-एच’. तेच ‘सी-एच’ ग्रीक शब्दात ‘क’ होतं. २०११ साली सुकन्या रॉय जिंकली तो शब्द ‘सायमॉट्रिकस’, म्हणजे लाटांसारखे केस असलेला. त्यातला ‘क’ असाच ‘सी-एच’नं लिहायचा.

खरा घात करतो तो ‘श्वा’. आघात नसलेल्या अक्षरातला स्वर ढिला पडतो आणि आपल्या ‘अ’सारखा ओझरता ऐकू येतो. तो ए, ई, आय, ओ, यू यांपैकी कशानंही लिहिलेला असू शकतो. ऐकून कळायला मार्ग नाही. तिथे व्युत्पत्तीच हात देते.

२०२१ मध्ये झायला अवांत-गार्ड या स्पर्धक मुलीला ‘मुराया’ हा शब्द आला. यात ‘मरे’ हे नाव दडलंय का, असं तिनं विचारलं. दडलं होतंच: अठराव्या शतकातल्या योहान आंद्रेआस मरे या वनस्पतिशास्त्रज्ञाचं. फोडणीत तडतडणारा आपला कढीपत्ता म्हणजे ‘मुराया कोएनिगी’, आणि बागेतली पांढऱ्या सुवासिक फुलांची कुंतीही त्याच वंशातली.

त्याच वर्षापासून मंचावर अर्थाचीही फेरी सुरू झाली. नुसतं स्पेलिंग येऊन भागेना, हे चांगलंच झालं. २०२२ मध्ये हरिणी लोगन या फेरीत ‘पल्युलेशन’वर अडली. मधमाश्यांचं थव्यानं जमणं हे उत्तर अपेक्षित होतं. तिनं पक्ष्यांचं घरटी करणं निवडलं आणि बाद झाली. परीक्षकांनी पुन्हा तपासून पाहिलं, तेव्हा तिचंही उत्तर ग्राह्य धरता येतं असं ठरलं आणि तिला परत घेतलं. पुढे ९० सेकंदांच्या निर्णायक फेरीत तिनं २१ शब्द बरोबर सांगितले, तर प्रतिस्पर्धी विक्रम राजूनं १५. तिला अजिंक्यपद देणारा शब्द होता ‘मूरहेन’, म्हणजे रेड ग्राउस पक्ष्याची मादी.