आधी वजन सांग

लखनौच्या आमच्या ऑफिसात कॉलेजातून नुकतीच बाहेर पडलेली मुलं येतात, तेव्हा त्यांना स्टॅड प्रो आणि ईटॅब्स ही इमारतींच्या डिझाईनची दोन्ही सॉफ्टवेअर चालवता येतात. माझ्यापेक्षा भराभर येतात. सकाळी नकाशा हातात दिला की दुपारी येऊन सांगतात, ‘मॅडम, मॉडल रन हो गया, कोई एरर नहीं.’ मी विचारते, बिल्डिंगचं वजन किती? बहुतेकांची गाडी तिथे अडते.

समजा, चार मजल्यांचं घर आहे आणि दर मजला 200 चौरस मीटरचा. आरसीसीच्या राहत्या घरात स्लॅब, बीम, कॉलम, भिंती, फरशी, माणसं आणि सामान धरून चौरस मीटरला ढोबळमानाने 1.2 टन पडतात. म्हणजे सगळे मिळून 960 टन. हे ओझं शेवटी पायातच उतरणार. तेव्हा सॉफ्टवेअरने कॉलमांच्या तळाशी दाखवलेल्या सगळ्या रिॲक्शनची, म्हणजे जमिनीने वर दिलेल्या आधाराची, बेरीज या आकड्याच्या आसपास यायला हवी. ती 600 आली, तर बहुधा भिंती राहिल्या. मॉडेलमध्ये असतो तो बीम-कॉलमचा सांगाडा. विटांची भिंत सहसा त्यात नसते, तिचं वजन आपण बीमवर लिहायचं असतं. नऊ इंची, तीन मीटर उंच भिंत मीटरला जवळजवळ 1.4 टन भरते. ती लिहायची राहिली तरी सॉफ्टवेअर तक्रार करत नाही. गणित अडलं तर ते एरर देतं, घर अडलं तर नाही.

ही सॉफ्टवेअर करतात काय, तर सांगाड्याच्या प्रत्येक जोडाची हालचाल अज्ञात धरून हजारो समीकरणं मांडतात आणि क्षणात सोडवतात. हाताने हे करायला बसलं तर महिने जातील. समीकरणं सोडवण्यात ती सहसा चुकत नाहीत. भानगड असते ती समीकरणांच्या आधी, आपण काय सांगितलं त्यात.

याचं लखनौतलं उदाहरण देते. आमच्याकडे येणारी काही कामं पुण्याच्या जुन्या फाईलवरून ‘सेव्ह ॲज’ करून बेतलेली असतात. 2016 च्या आयएस 1893 या भूकंपाच्या भारतीय मानकाप्रमाणे पुणं आणि लखनौ दोन्ही भूकंपाच्या तिसऱ्या झोनमध्ये येतात, त्यामुळे तो आकडा जुळतो आणि बघणारा निर्धास्त होतो. पण आयएस 875 या भारांच्या मानकात वाऱ्याचा मूळ वेग पुण्याला सेकंदाला 39 मीटर आहे, लखनौला 47. वाऱ्याचा दाब वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो, म्हणजे इथे तो पुण्याच्या जवळजवळ दीडपट. मातीचंही तेच. पुण्याला खाली काळा कातळ, इथे गोमतीचा गाळ. सॉफ्टवेअर मातीचा प्रकार विचारतं आणि फाईलमधलं जुनं उत्तर मुकाट्याने पुढे चालवतं. सेकंदाला एक हेलकावा घेणाऱ्या इमारतीवर मऊ मातीत भूकंपाचा जोर खडकापेक्षा सुमारे 67 टक्के जास्त धरावा लागतो. एक खूण बदलायची राहिली, की एवढा फरक.

नव्या मुलांकडून मी आधी एकच बीम करून घेते. सहा मीटरचा गाळा, मीटरला दोन टन भार. दोन्ही टोकं नुसती टेकलेली असतील तर मधला मोमेंट, म्हणजे बीमला वाकवणारा जोर, नऊ टन-मीटर. टोकं घट्ट धरली, तर टोकांना सहा आणि मध्ये तीन. सहा आणि तीन मिळून पुन्हा नऊच. टोकं कशीही धरा, दोन टोकांच्या मोमेंटची सरासरी अधिक मधला मोमेंट ही बेरीज बदलत नाही. हे एकदा अंगात मुरलं की दहा मजल्यांच्या मॉडेलमधल्या कुठल्याही बीमवर बोट ठेवून आकडा पटतो की नाही ते सांगता येतं.

इतकं कशाला, असं मुलं विचारतात तेव्हा मी नॉर्वेची गोष्ट सांगते. समुद्रातल्या वायूसाठी बांधलेल्या स्लाइप्नर ए या प्लॅटफॉर्मचा काँक्रीटचा प्रचंड तळ 23 ऑगस्ट 1991 रोजी चाचणीसाठी पाण्यात उतरवत होते. एक भिंत फुटली आणि सगळा डोलारा फ्योर्डच्या तळाशी गेला. माणसं वाचली, पैसा सुमारे 70 कोटी डॉलरचा बुडाला. चौकशीत दिसलं, की भिंतींच्या जोडापाशी मॉडेलची जाळी भरड आखली होती, म्हणून तिथला शिअर, म्हणजे कापू पाहणारा जोर, खऱ्यापेक्षा 47 टक्के कमी आला होता. सळयांची रचनाही अपुरी होती. नंतर त्याच पद्धतीचं विश्लेषण काळजीने केलं, तर उत्तर आलं की भिंत 62 मीटर खोलीवर फुटेल. प्रत्यक्षात ती 65 मीटरवर फुटली. पद्धत तीच होती, फक्त या वेळी तिला नीट विचारलं होतं.

आणि काही गोष्टी सॉफ्टवेअरला विचारायच्याच नसतात. 1784 च्या दुष्काळात नवाब आसफउद्दौलाने बांधायला घेतलेला इथला बडा इमामबाडा बघा. मधलं दालन सुमारे 50 मीटर लांब आणि 16 मीटर रुंद, छताला ना बीम ना लोखंड. लाखौरी विटा आणि चुना यांची कमान बाहेरच्या बाजूला रेटते आणि जाड भिंती तो रेटा पेलतात. एका हौशी मुलाने या छताचं साधं मॉडेल केलं होतं. चित्र रंगीत आणि सुरेख, पण साध्या विश्लेषणात विटेलाही लोखंडासारखी ओढ सोसते असं धरलेलं असतं. खरी वीट ओढ लागली की तडकते. मी त्याला लॅपटॉप मिटायला लावला, दालनात नेलं आणि रेटा कुठून कुठे जातो ते हाताने वहीत काढायला सांगितलं. तासाभरात बऱ्यापैकी जमलं त्याला.

घर बांधणाऱ्या वाचकांना एक सांगणं आहे. डिझाईनची फाईल हातात आली की रंगीत पानं उलटू नका, पहिलं पान वाचा. तिथे तुमच्या गावाचं नाव, वाऱ्याचा वेग, भूकंपाचा झोन आणि मातीचा प्रकार लिहिलेला नसेल, तर उरलेली फी देण्यापूर्वी ते इंजिनिअरकडून लिहून घ्या.